गेर्निका आणि आपली गावे



साहित्य संस्थेच्या वार्षिक व्याख्यानमालेत चित्रकलेवर बोलायचे, तेही परदेशातल्या एका चित्रावर, याचे थोडे स्पष्टीकरण देणे भाग आहे. पाब्लो पिकासोचे ‘गेर्निका’ हे चित्र युद्धविरोधी चित्र म्हणून जगभर ओळखले जाते. त्याची कीर्ती सांगण्यासाठी मी हा विषय घेतलेला नाही. ती कलेतिहासाच्या कोणत्याही पुस्तकात वाचायला मिळेल. एखाद्या गावावर ओढवलेली आपत्ती परमुलखातल्या, दोन पिढ्यांनंतरच्या, इतकेच नव्हे तर विरुद्ध बाजूच्या माणसालाही आपली वाटावी, अशा रीतीने ती कशी सांगता येते, हे या चित्राकडून शिकण्यासारखे आहे. बीदर आणि कलबुर्गी जिल्ह्यांत राहून मराठी लिहिणाऱ्या-वाचणाऱ्या आपल्याला ते शिकण्याची गरज आहे. कारण अशी आपत्ती १९४८ साली आपल्याही गावांवरून गेली आणि ती आपल्याला अजून अर्धी-अर्धीच सांगता येते.

प्रथम घटना काय घडली ते पाहू. स्पेनमध्ये जुलै १९३६ मध्ये यादवी युद्ध सुरू झाले. एका बाजूला निवडून आलेले प्रजासत्ताक सरकार आणि दुसऱ्या बाजूला जनरल फ्रँकोचे बंडखोर सैन्य. फ्रँकोच्या मदतीला हिटलरने आणि मुसोलिनीने विमाने पाठवली होती. उत्तर स्पेनमधल्या बास्क मुलखात गेर्निका हे लहानसे गाव. तिथल्या एका ओक वृक्षाखाली बास्क लोकांच्या पंचायती शतकानुशतके भरत आल्या, म्हणून त्या गावाला त्या लोकांत मोठा मान होता. २६ एप्रिल १९३७ रोजी सोमवार होता, म्हणजे बाजाराचा दिवस. दुपारी साडेचारच्या सुमारास जर्मन आणि इटालियन विमानांनी सुरू केलेली बॉम्बफेक सुमारे तीन तास चालली. गावाचा बहुतेक भाग जळून गेला. भालकीचा किंवा आळंदचा आठवडी बाजार डोळ्यांपुढे आणा, म्हणजे त्या दिवशी तिथे कोण माणसे असतील याची कल्पना येईल: भाजीवाल्या बाया, जनावरे विकायला आलेले शेतकरी, आईबरोबर आलेली पोरे.

जॉर्ज स्टीअर या पत्रकाराने पाठवलेला वृत्तांत २८ एप्रिलला लंडनच्या ‘द टाइम्स’मध्ये छापून आला आणि जगाला ही बातमी कळली. फ्रँकोच्या बाजूने लगेच सांगण्यात आले की, बॉम्बफेक झालीच नाही, माघार घेणाऱ्या लोकांनीच आपले गाव पेटवून दिले. पुढे अनेक वर्षे स्पेनमध्ये हीच सरकारी हकीकत चालू राहिली. मेलेल्यांच्या संख्येवरही वाद झाला. त्या वेळच्या बास्क सरकारने १,६५४ हा आकडा दिला. नंतरच्या संशोधकांनी तो दीडशे ते तीनशेच्या दरम्यान आणला. नाकबूल करणे आणि आकड्यांचा वाद या दोन गोष्टी कृपया लक्षात ठेवा. आपल्या मुलखाकडे येऊ तेव्हा त्यांची गरज लागणार आहे.

पिकासो तेव्हा पॅरिसमध्ये राहत होता. त्या वर्षी पॅरिसला भरणाऱ्या जागतिक प्रदर्शनातल्या स्पेनच्या दालनासाठी एक मोठे चित्र काढून द्यावे, असे प्रजासत्ताक सरकारने त्याला जानेवारीतच सांगितले होते. तीन-चार महिने त्याला विषय सुचत नव्हता. गेर्निकाची बातमी आली आणि १ मे रोजी त्याने पहिली रेखाटने केली. जूनच्या सुरुवातीला चित्र पुरे झाले. उंची सुमारे साडेतीन मीटर, रुंदी पावणेआठ मीटरहून थोडी अधिक. एखाद्या वाड्याची दर्शनी भिंत असावी एवढे. रंग फक्त काळा, पांढरा आणि राखाडी.

चित्रात काय आहे ते डावीकडून पाहत जाऊ. एका बाईच्या मांडीवर मेलेले मूल आहे आणि ती आकाशाकडे तोंड करून आक्रोश करते आहे. तिच्या मागे एक बैल उभा आहे. मधोमध पोटात भाला घुसलेला, किंचाळणारा घोडा. त्याच्या पायाखाली तुकडे झालेला एक योद्धा. हातात मोडकी तलवार, आणि त्या मुठीशेजारी एक लहानसे फूल. वर विजेचा दिवा, डोळ्याच्या आकाराचा. उजवीकडे खिडकीतून एक बाई हात लांब करून चिमणी धरते आहे, दुसरी गुडघ्यांवर सरपटत उजेडाकडे येते आहे, तिसरी जळत्या घरातून हात वर करून कोसळते आहे. एवढेच. बैल म्हणजे नेमके कोण, यावर समीक्षकांचे एकमत नाही. स्वतः पिकासोनेही त्याचा एकच अर्थ कायम केला नाही.

आता चित्रात काय नाही, तेही पाहा. विमान नाही. बॉम्ब नाही. कोणत्याही देशाचा झेंडा नाही, गणवेश नाही. फ्रँको नाही, हिटलर नाही. मारणारा माणूस चित्रात कुठेच दिसत नाही. गेर्निकाचा प्रसिद्ध ओक वृक्षदेखील नाही. हे सगळे विसरून राहिले असे समजू नका. चित्र चालू असताना डोरा मार हिने त्याच्या निरनिराळ्या टप्प्यांची छायाचित्रे घेतली होती, ती उपलब्ध आहेत. सुरुवातीच्या टप्प्यात खाली पडलेल्या योद्ध्याची वळलेली मूठ वर उठलेली दिसते. वळलेली मूठ म्हणजे प्रजासत्ताकवाद्यांची सलामी. ज्या सरकारने चित्र सांगितले होते त्याचीच ती खूण. पुढच्या टप्प्यात त्या मुठीत धान्याची कणसे आली, आणि शेवटी तो हातच पुसला गेला. पिकासोची बाजू पक्की होती. त्याने ती कधी लपवली नाही. पण चित्रातून त्याने बाजूची खूण काढून टाकली आणि फक्त गावाचे नाव ठेवले. हे चित्र इतके टिकले याचे मुख्य कारण मला इथे दिसते. नाव एका गावाचे, म्हणून घटना खोटी ठरवता येत नाही. खूण कोणाचीच नाही, म्हणून दुःख कोणालाही परके वाटत नाही.

हा बदल किती मोठा आहे, हे आपल्या वेशीवरच्या वीरगळांवरून चांगले समजते. आपल्या भागात पुष्कळ गावांत मारुतीच्या देवळापाशी, वेशीजवळ, कुठे उकिरड्याच्या कडेलाही वीरगळ सापडतात. खालच्या चौकटीत लढाई, पुष्कळदा गाईगुरांच्या राखणीसाठी झालेली; मधल्या चौकटीत वीराला स्वर्गात नेणाऱ्या अप्सरा; वरच्या चौकटीत शिवलिंगाची पूजा करणारा वीर आणि माथ्यावर चंद्र-सूर्य. युद्धात मेलेल्या माणसाची आठवण ठेवण्याची ही आपली जुनी रीत आहे, आणि ती आदर बाळगण्यासारखीच आहे. पण वीरगळावर मरणाचे सार्थक झालेले असते. मागे राहिलेल्या बाईचा आक्रोश तिथे कोरलेला नसतो. सतीशिळेवर तर बाईचा बहुधा हातच तेवढा दिसतो, कोपरात वाकलेला, बांगड्या भरलेला. गेर्निकात बाईचे तोंड आले. चार बायांची चार तोंडे, आणि वीर मात्र तुकडे होऊन खाली. वर चंद्र-सूर्यांच्या जागी दिवा आहे. तो काहीही पवित्र करत नाही, फक्त दाखवतो. युद्ध ज्यांच्या घरावरून जाते त्यांच्या बाजूने युद्धाकडे पाहायचे, ही या चित्राची खरी देणगी आहे.

या चित्राचा पुढचा प्रवासही सांगण्यासारखा आहे. प्रदर्शनात ते लागले तेव्हा सर्वांना आवडले असे नाही. प्रचाराला हे उपयोगाचे नाही, असे प्रजासत्ताकाच्या बाजूच्याही काहींना वाटले. नंतर ते स्कँडिनेव्हियात आणि इंग्लंडमध्ये फिरले. जानेवारी १९३९ मध्ये लंडनच्या पूर्व भागातल्या कामगार वस्तीत व्हाइटचॅपल इथे ते दाखवण्यात आले. त्याच वर्षी फ्रँको जिंकला, आणि चित्र अमेरिकेत जाऊन न्यूयॉर्कच्या आधुनिक कलेच्या संग्रहालयात राहिले. स्पेनमध्ये लोकांचे स्वातंत्र्य परत येईल तेव्हाच चित्र तिकडे न्यावे, अशी पिकासोची अट होती. तो १९७३ मध्ये वारला, फ्रँको १९७५ मध्ये. चित्र सप्टेंबर १९८१ मध्ये स्पेनला पोचले आणि १९९२ पासून माद्रिदच्या रेना सोफिया संग्रहालयात आहे. गेर्निका गावात त्याची फरशीच्या तुकड्यांत केलेली प्रतिकृती एका भिंतीवर आहे. मूळ चित्र आपल्याकडे यावे अशी बास्क लोकांची मागणी राहिली आहे.

इथे कोणी विचारील, आणि ते योग्यच आहे, की या चित्राने कोणते युद्ध थांबवले? एकही नाही. ते प्रदर्शनात लागल्यावर दोन वर्षांत दुसरे महायुद्ध सुरू झाले, आणि शहरांवर बॉम्ब टाकणे ही सगळ्यांचीच रीत झाली. चित्राकडून युद्ध थांबवण्याची अपेक्षा करणे चुकीचे आहे. त्याचे काम वेगळे आहे, आणि ते फेब्रुवारी २००३ मध्ये स्पष्ट दिसले. न्यूयॉर्कला संयुक्त राष्ट्रसंघाच्या सुरक्षा समितीच्या दालनाबाहेर या चित्राची विणलेली मोठी प्रतिकृती १९८५ पासून लावलेली होती. इराकवर चढाई का करावी हे सांगायला अमेरिकेचे परराष्ट्रमंत्री कॉलिन पॉवेल तिथे येणार होते, त्या दिवसांत या प्रतिकृतीवर निळा पडदा टाकण्यात आला. दूरदर्शनच्या कॅमेऱ्यांना पार्श्वभूमी नीट मिळावी म्हणून, असे कारण देण्यात आले. कारण काहीही असो, युद्धाची भाषा करणाऱ्याच्या पाठीशी ही चार बायांची तोंडे दिसणे गैरसोयीचे होते, हे जगभरच्या लोकांनी ओळखले. सहासष्ट वर्षांपूर्वीच्या एका गावाचे चित्र झाकावे लागते, यापेक्षा त्याच्या प्रभावाचा आणखी काय पुरावा हवा?

दुसरे उदाहरण दक्षिण आफ्रिकेचे. तिथल्या पूर्व केप प्रांतात हॅम्बर्ग नावाचे खेडे आहे. एड्सने त्या भागात घरेच्या घरे रिकामी केली, तेव्हा कैस्कामा प्रकल्पातल्या बायकांनी २०१० मध्ये गेर्निकाच्याच आकाराचे एक वस्त्र भरतकाम आणि तुकडेजोड करून तयार केले. त्याला त्यांनी ‘कैस्कामा गेर्निका’ असे नाव दिले. बैल-घोड्यांच्या जागी त्यांच्या गोठ्यातली गुरे आली, मेलेले मूल त्यांच्या घरातले झाले. पिकासोची नक्कल करावी असा त्यांचा हेतू नव्हता. आपले दुःख एवढ्या मोठ्या आकारात सांगण्याचा अधिकार आपल्यालाही आहे, हे त्यांनी त्या चित्रापासून घेतले.

आपल्या देशात फाळणीच्या वेळी हाच प्रश्न चित्रकारांपुढे उभा राहिला. १९४७ मध्ये मुंबईत महंमद अली रोडवर तय्यब मेहता या तरुणाने खिडकीतून एका माणसाला जमावाने ठार मारलेले पाहिले. ते दृश्य त्यांच्या मनातून आयुष्यभर गेले नाही. त्यांनी दंगल अशी कधी रंगवली नाही. पाय बांधून खाटकापुढे टाकलेला बैल, उंचावरून खाली कोसळणारा माणूस, ही त्यांची चित्रे. १९७० मध्ये त्यांनी ‘कूडल’ हा छोटा चित्रपट केला, त्यातही वांद्र्याच्या कत्तलखान्यातली जनावरे आहेत. मेलेला माणूस कोणत्या धर्माचा होता, हे त्यांच्या चित्रावरून सांगता येत नाही. तो कोसळतो आहे, एवढेच दिसते आणि तेवढे पुरते.

फाळणीनंतर वर्षभरातच आपल्या मुलखाची पाळी आली. हैदराबाद संस्थानात १९४७-४८ मध्ये रझाकारांनी काय केले, हे आपल्या घरोघरी सांगितले जाते. आपल्याकडची म्हातारी माणसे काळ मोजतात तोच ‘प्लेगात’, ‘दुष्काळात’, ‘रझाकारात’ असा. गावेच्या गावे सरहद्द ओलांडून सोलापूरच्या बाजूला गेली. मे १९४८ मध्ये बसवकल्याणजवळच्या गोरटा गावात रझाकारांनी कत्तल केली. दोनशेच्या आसपास माणसे मारली गेली असे सांगितले जाते. गोरट्यात आता हुतात्म्यांचे स्मारक आहे. १३ सप्टेंबर १९४८ रोजी भारतीय फौजा संस्थानात शिरल्या, पाच दिवसांत निजामाची राजवट संपली. १७ सप्टेंबर हा मुक्तिदिन आपण साजरा करतो, आणि ते उचितच आहे. स्वामी रामानंद तीर्थ हे या लढ्याचे नेते. पुढे १९५२ मध्ये ते गुलबर्ग्याहूनच लोकसभेवर निवडून गेले. अनंत भालेरावांसारख्यांनी या लढ्याचा इतिहास मराठीत तपशिलाने लिहिला. ही आठवणीची एक बाजू झाली.

दुसरी बाजू आपल्या शेजारच्या गल्लीत सांगितली जाते, बहुधा दखनीत, आणि पुष्कळदा सांगितलीच जात नाही. पोलीस ॲक्शननंतरच्या दिवसांत सूड घेतला गेला. ज्यांचा रझाकारांशी काही संबंध नव्हता अशी साधी मुसलमान घरे त्यात सापडली. पुरुष मारले गेले, बायका पळवल्या गेल्या, विहिरी भरल्या. जे वाचले त्यांतले पुष्कळजण हैदराबाद शहराकडे गेले. केंद्र सरकारने पंडित सुंदरलाल, काझी अब्दुल गफार आणि मौलाना अब्दुल्ला मिस्री यांचे एक पथक चौकशीला पाठवले. नोव्हेंबर-डिसेंबर १९४८ मध्ये हे पथक संस्थानात फिरले. सर्वांत जास्त झळ पोचलेले चार जिल्हे त्यांनी सांगितले: उस्मानाबाद, गुलबर्गा, बीदर आणि नांदेड. संस्थानात सत्तावीस ते चाळीस हजार माणसे मेली असावीत, त्यांपैकी अठरा हजारांहून कमी नाहीत एवढी या चार जिल्ह्यांत, असा त्यांचा अंदाज होता. रझाकारांनी आधी काय केले, तेही या अहवालात नमूद आहे. सरकारने तो अनेक दशके प्रसिद्ध केला नाही. त्यातल्या आकड्यांवर आजही वाद चालतो. काही जण तर तो सबंधच नाकबूल करतात.

आता गेर्निकाबद्दल लक्षात ठेवायला सांगितलेल्या त्या दोन गोष्टी आठवा. तिथेही नाकबूल करणे होते, तिथेही आकड्यांचा वाद होता. तिथे आकडा सोळाशेवरून तीनशेच्या खाली आला, तरी चित्राचे वजन कमी झाले नाही, कारण चित्र आकड्यावर उभे नव्हते. एका बाईच्या मांडीवरच्या एका मुलावर उभे होते. आपल्याकडे मात्र एकाच तारखेला एका घरात ‘मुक्ती’ म्हणतात आणि दुसऱ्या घरात ‘सुकूत’, म्हणजे पाडाव. दोन्ही घरे आपापली मेलेली माणसे मोजतात. एकाच गावातल्या दोन गल्ल्यांना एकाच वर्षाच्या दोन आठवणी आहेत, आणि दोन्ही गल्ल्यांना एकत्र उभे राहता येईल असे एकही चित्र, एकही कादंबरी, एकही स्मारक आपण केलेले नाही. हात कसबी नाहीत म्हणावे, तर तसेही नाही. ज्या एस. एम. पंडितांची पौराणिक चित्रे कॅलेंडरांवरून देशभर घरोघरी गेली, ते याच कलबुर्गीचे.

यावर एक आक्षेप येतो, आणि तो टाळून पुढे जाता येणार नाही. दोन्ही हिंसा एकाच तराजूत घालायच्या का? राजसत्तेच्या आश्रयाने केलेला जुलूम आणि त्यानंतर उसळलेला सूड या गोष्टी सारख्या आहेत का? इतिहासकाराने त्या वेगळ्याच ठेवल्या पाहिजेत. कोणी केले, कोणाच्या हुकमाने केले, कोणी थांबवायला हवे होते आणि थांबवले नाही, हे स्पष्ट लिहिले पाहिजे. पिकासोलाही बॉम्ब कोणी टाकले हे ठाऊक होते, आणि त्याने ते कधी गुळमुळीत केले नाही. पण चित्रकाराचे आणि लेखकाचे काम इतिहासकाराच्या कामानंतर संपत नाही. छप्पर अंगावर पडले त्या बाईचे काय झाले, हे त्याला सांगायचे असते. तिला न्याय द्यायला तिच्या शेजारणीचे दुःख खोडावे लागत नाही. उलट, आपलेच दुःख तेवढे खरे असे म्हणू लागलो की, ते दुःख पुढच्या भांडणासाठी वापरायला कोणीतरी टपलेलाच असतो. वळलेली मूठ चित्रातून पुसण्यामागचे शहाणपण हेच आहे.

दुसरा आक्षेप, जुने कशाला उकरायचे? हे जुने गाडलेलेच नाही. ते दरवर्षी सप्टेंबरात वर येते, निवडणुकीत वर येते. उकरण्याचा प्रश्न नाही; नीट सांगण्याचा आहे. आणि नीट सांगण्याजोगे पुष्कळ आहे. सुंदरलाल पथकाच्या अहवालातच अशी नोंद आहे की, काही ठिकाणी हिंदू विणकरांनी मुसलमान विणकरांना वाचवले आणि त्यासाठी स्वतःचे जीव गमावले. पळवलेल्या बायका परत मिळवायला अनेक हिंदूंनी मदत केली. एकाच मागावर पोट असलेली माणसे त्या दिवसांत धर्माच्या आरोळीला बधली नाहीत. या विणकरांवर आपण काय लिहिले? त्यांच्या नावाचा दगड कुठल्या वेशीवर आहे?

आपल्या मातीत असे काही उगवणार नाही, असे म्हणणाऱ्यांनी बीदरजवळच्या अष्टूरला जाऊन यावे. तिथे अहमदशाह वली बहमनीचा घुमट आहे. हा सुलतान १४३६ मध्ये वारला. त्याने विजयनगर आणि वारंगळशी लढाया केल्या. शांततेचा पुतळा तो नव्हता. पण त्याच्या कबरीच्या आतल्या भिंती आणि घुमट रंगांनी आणि सोनेरी अक्षरांनी भरलेले आहेत, आणि त्या चित्रांखाली मुसलमान त्याला वली मानून उभे राहतात, तर लिंगायत भाविक अल्लमप्रभूंचे रूप मानून. उरुसाला कलबुर्गी जिल्ह्यातल्या माड्याळहून जंगम आपल्या मंडळींसह येतात. पलीकडे हुमनाबादजवळ माणिकप्रभूंनी एकोणिसाव्या शतकात सकलमत संप्रदाय उभा केला आणि मराठी, कन्नड, हिंदी, उर्दू अशा भाषांत पदे रचली. एका छताखाली दोन प्रकारची माणसे दोन प्रकारच्या श्रद्धेने उभी राहू शकतात, ही आपल्याला नवी शिकवण नाही. उत्सवात जे जमते ते शोकात जमवायचे आहे. ते अधिक कठीण आहे, एवढे मान्य करू.

म्हणून या संस्थेपुढे आणि छापील पुस्तिकेतून हे वाचणाऱ्या तुमच्यापुढे मी दोन कामे ठेवतो.

पहिले काम घाईचे आहे. १९४८ मध्ये जे दहा वर्षांचे होते, ते आता पंच्याऐंशीच्या पुढे गेले आहेत. तुमच्या गावात, तुमच्या आणि शेजारच्या दोन्ही गल्ल्यांत, असे कोण उरले आहे ते पाहा. आजी, काकू, चाचा, अज्जा, जे कोणी असतील त्यांच्याजवळ बसा आणि ते ज्या बोलीत सांगतील त्याच बोलीत लिहून घ्या, मराठी असो, कन्नड असो, दखनी असो. मोठे प्रश्न विचारू नका. त्या दिवशी चुलीवर काय होते, कोणाच्या घरात लपलात, निघताना हातात काय घेतले, परत आल्यावर दाराला काय झाले होते, एवढेच विचारा. गावाचे नाव नक्की लिहा. ज्यांना आपले नाव छापायचे नसेल त्यांचे छापू नका. सांगणारा कोणत्या बाजूचा, यावरून पाने वेगळी करू नका; गावावरून करा. असा संग्रह तीन भाषांत शेजारी-शेजारी छापण्याचे काम सीमाभागातली साहित्य संस्था जितके चांगले करील तितके पुण्या-बंगळूरची कोणतीही संस्था करू शकणार नाही. १९५६ मध्ये भाषेच्या रेघा पडल्या, उदगीर आणि निलंगा तिकडे गेले, भालकी आणि औराद इकडे राहिले. त्या रेघांवर राहण्याचा आपल्याला आजवर त्रासच झाला. या एका कामात त्याचा उपयोग होईल.

दुसरे काम बायकांच्या हातचे आहे. आपल्या घरांत जुन्या लुगड्या-धोतरांची गोधडी शिवतात. शेजारच्या कन्नड घरांत तिला कौदी म्हणतात. तांड्यांवरच्या बंजारा बायकांचे भरतकाम सर्वांना माहीत आहे. हॅम्बर्गच्या बायकांनी जे केले ते आपल्याकडे होण्यासाठी कसबाची काहीच कमतरता नाही. प्रत्येक गावाने एक तुकडा द्यावा, त्यावर गावाचे नाव आणि त्या दिवसांतली एक वस्तू असावी: एखादे कुलूप, हातमाग, विहीर, घागर, पाळणा. झेंडा नको, घोषणा नको, वळलेली मूठ नको. गोरट्याचा तुकडा असेल आणि त्याच्या शेजारी पोलीस ॲक्शननंतर रिकाम्या झालेल्या एखाद्या मोहल्ल्याचा तुकडा असेल. दोन्ही एकाच दोऱ्याने जोडलेले असतील. ते वस्त्र शहरातल्या कपाटात ठेवू नये. व्हाइटचॅपलसारखे ते फिरावे. हुलसूर, बसवकल्याण, आळंद, चिंचोळी, जिथे आठवडी बाजार भरतो तिथे बाजाराच्या दिवशी लावावे.

त्याने पुढची दंगल थांबेल, असे आश्वासन मी देत नाही. गेर्निकानेही तसे कधी दिले नव्हते. पण उद्या कोणी व्यासपीठावरून अर्धीच आठवण सांगून पोरांची माथी भडकवू लागला, तर त्याला आधी त्या वस्त्रावर पडदा टाकावा लागेल. आणि पडदा टाकणारा हात सगळ्यांना दिसतो.